मॉरिस जार : उशिरा आरंभ केलेल्या साधनेचा धडा

‘आता फार उशीर झाला,’ हे उद्गार वसतिगृहात आम्ही वारंवार ऐकतो. आठवी-नववीत प्रथमच वाद्यास हात लावणाऱ्या विद्यार्थ्यास, लहानपणापासून शिकणाऱ्यांची बरोबरी आपणांस कधी साधेल काय, ही शंका छळते. तिचे उत्तर शोधण्यास फ्रेंच चित्रपट-संगीतकार मॉरिस जार यांच्या कारकिर्दीचा अभ्यास उपयोगी पडेल.

जार यांचा जन्म १३ सप्टेंबर १९२४ रोजी लिओं शहरी झाला. संगीताकडे ते वळले ते किशोरवयात, म्हणजे त्या क्षेत्राच्या मानाने उशिराच. अभियांत्रिकीची वाट सोडून, वडिलांचा विरोध पत्करून त्यांनी पॅरिसच्या संगीत विद्यालयात प्रवेश घेतला आणि तालवाद्ये हा विषय निवडला. तालवादक म्हणजे मागे बसणारा साथीदार, असा सर्वसाधारण समज. जार यांनी मात्र त्या जागेवरून संपूर्ण वाद्यवृंद ऐकण्याची सवय लावून घेतली.

पुढे ज्यां विलार यांच्या लोकनाट्य संस्थेत त्यांनी अनेक वर्षे संगीत दिले. आविन्यों नाट्यमहोत्सवासाठी त्यांनी रचलेली तुतारीची धून आजही तेथे प्रयोगाची वर्दी देते. प्रसंगास नेमके किती संगीत हवे, हे ते रंगभूमीवरच शिकले.

१९५२ मध्ये जॉर्ज फ्रांजू यांच्या लघुपटाने त्यांचा चित्रपटप्रवास सुरू झाला. दहा वर्षांनी, १९६२ मध्ये, डेव्हिड लीन यांचा ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ आला. त्याचे विस्तृत संगीत जार यांनी अवघ्या काही आठवड्यांत सिद्ध केले. त्यास ऑस्कर मिळाले. ‘डॉक्टर झिवागो’ (१९६५) मध्ये त्यांनी रशियन बालालायका या तंतुवाद्यास मानाचे स्थान दिले आणि भारतात घडणाऱ्या ‘अ पॅसेज टू इंडिया’ (१९८४) या चित्रपटासही संगीत दिले. या दोहोंनाही ऑस्कर लाभले. तिन्ही चित्रपट लीन यांचेच होते.

कीर्ती मिळाल्यावरही त्यांचे शिकणे थांबले नाही. साठी गाठल्यावर ‘विटनेस’ (१९८५) साठी त्यांनी इलेक्ट्रॉनिक वाद्ये हाताळली. १९८९ चा ‘डेड पोएट्स सोसायटी’ तर निवासी शाळेचीच कथा. निरोप घेणाऱ्या शिक्षकासाठी विद्यार्थी एकेक करून बाकांवर उभे राहतात, तेव्हा जार यांचे संगीत हळूहळू चढत जाते. आधी मुलांचे धैर्य, मागून सूर, असा तो क्रम आहे.

२८ मार्च २००९ रोजी जार यांचे निधन झाले.

पहिल्या लघुपटापासून ‘लॉरेन्स’पर्यंतची दहा वर्षे आणि त्याआधीची रंगभूमीवरील उमेदवारी विसरून केवळ ऑस्कर मोजले, तर हा अभ्यास व्यर्थ ठरेल. उशिरा आरंभ केल्याने यश मिळते, असे आम्ही म्हणत नाही. उशीर हे आरंभ न करण्याचे कारण होऊ शकत नाही, एवढेच आमचे म्हणणे आहे. संध्याकाळी संगीतकक्षाच्या दाराशी थबकणाऱ्या विद्यार्थ्याने एवढे ध्यानी धरावे आणि आत यावे.