अशक्य वर्तुळ : सपाट देशाचा एक धडा

एखाद्या समाजाचा इतिहास अभ्यासताना आपण बहुधा राजे आणि लढाया यांपासून आरंभ करतो. आमच्या मते त्याआधी त्या समाजाचे पूज्य चिन्ह पाहावे. ते चिन्ह कोणाच्या अंगावर आहे आणि ते तपासून पाहण्याचा अधिकार कोणाला आहे, या दोन प्रश्नांच्या उत्तरांत समाजाची बरीचशी रचना उघड होते. यासाठी प्रस्तुत लेखात आम्ही एका काल्पनिक संस्कृतीचे उदाहरण घेतले आहे.

लंडनमधील सिटी ऑफ लंडन स्कूलचे मुख्याध्यापक एडविन ॲबट यांनी १८८४ साली ‘फ्लॅटलँड’ हे छोटेखानी पुस्तक टोपणनावाने प्रसिद्ध केले. कथेचा निवेदक आहे एक चौरस. वरवर पाहता हे पुस्तक भूमितीचे. परंतु त्यातील उपरोधाचा रोख तत्कालीन इंग्लंडमधील वर्गभेदावर आहे.

या सपाट देशात लांबी आणि रुंदी आहे, उंची नाही. तेथील माणसे म्हणजे आकृत्या. सैनिक व मजूर हे समद्विभुज त्रिकोण. मध्यमवर्ग समभुज त्रिकोण. सुशिक्षित व्यावसायिक चौरस व पंचकोन. षटकोनापासून पुढे उमराव. आणि सर्वांच्या वर पुरोहित, म्हणजे वर्तुळ. स्त्रिया केवळ सरळ रेषा. त्यांना या शिडीवर पायरीच नाही. चौरसाचा मुलगा पंचकोन, पंचकोनाचा षटकोन, अशी दर पिढीला एकेक बाजू वाढते. मजुराचा मुलगा मात्र बहुधा मजूरच राहतो.

आता थोडे गणित पाहू. समभुज त्रिकोणाचा आतील कोन ६० अंशांचा, चौरसाचा ९०, षटकोनाचा १२०. ३०० बाजूंच्या सुसम बहुभुजाचा कोन १७८.८ अंश भरतो आणि १०,००० बाजूंच्या बहुभुजाचा १७९.९६४ अंश. कोन १८० अंशांच्या जवळ जात राहतो, तेथे पोहोचत मात्र कधीच नाही. बाजू कितीही वाढवल्या तरी बहुभुज हा बहुभुजच राहतो. याचा अर्थ, त्या देशाच्या जन्मनियमाने खरे वर्तुळ होणे अशक्य आहे. तेथील पुरोहित अतिसूक्ष्म बाजूंचे बहुभुजच असतात. ‘वर्तुळ’ हे त्यांना आदराने दिलेले नाव. मुख्य पुरोहिताला १०,००० बाजू आहेत, असे शिष्टाचार म्हणून गृहीत धरतात. मोजायला कोणी जात नाही.

कोणी का जात नाही? त्या देशात सामान्य लोक एकमेकांचे कोन स्पर्शाने चाचपून ओळख पटवतात. उच्चवर्णीय म्हणवणाऱ्यांत स्पर्श असभ्य मानला जातो आणि पुरोहिताला स्पर्श करणे हा तर घोर अपमान. ज्या एका कसोटीने वर्तुळाचा खरेपणा ठरला असता, तीच निषिद्ध! या अशक्य आकाराच्या हव्यासापायी उमराव आपल्या तान्ह्या मुलांच्या बाजू मोडून अधिक बाजू घडवून घेतात. दहांतले जेमतेम एक मूल त्यातून वाचते.

पुढे उंचीच्या जगातून एक गोल तेथे येतो. सपाट देशात त्याचा केवळ छेद दिसतो, आणि तो छेद परिपूर्ण वर्तुळ असतो. चौरस अनुमती मागतो. गोल त्याला स्पर्श करू देतो. कोठेही कोन लागत नाही. जे खरे होते, त्याला तपासणीचे भय नव्हते. पुरोहितांची सभा मात्र या तिसऱ्या मितीची वाच्यता करणाऱ्यांना शिक्षा फर्मावते, आणि शिक्षाही बाजू मोजून: समद्विभुजाला मृत्यू, समभुजाला फटके व तुरुंग, चौरसाला वेड्यांचे इस्पितळ. अखेरीस निवेदक कोठडीतूनच आपली कथा लिहितो.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ज्या रचनेला श्रेणीबद्ध विषमता म्हटले, तिच्या अभ्यासकाला ही शिडी अनोळखी वाटणार नाही. प्रत्येकाच्या खाली कोणीतरी असल्याने शिडी मोडण्यास सारे एकत्र येत नाहीत. ॲबट यांनी डोळ्यांसमोर ठेवला तो इंग्लंडचा समाज; तरीही स्पर्शाच्या निषेधावर उभे असलेले मोठेपण आपल्याला वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

माजी विद्यार्थ्यांनी या पुस्तकातील आणखी एक नियम ध्यानी घ्यावा, अशी आमची विनंती आहे. मजुराच्या घरी क्वचित समभुज मूल जन्मले, तर शासकीय मंडळ त्याला प्रमाणपत्र देते आणि निपुत्रिक समभुजाला दत्तक देते. दत्तक घेणाऱ्याला शपथ घ्यावी लागते की, मुलाला पूर्वीच्या घरी पाऊल टाकू देणार नाही, आप्तांचे दर्शनही घडू देणार नाही. शिडी टिकते ती या दोन गोष्टींवर: वर असलेल्याला कोणी मोजायचे नाही, आणि वर गेलेल्याने मागे पाहायचे नाही.

वसतिगृहात राहून शिकलेला विद्यार्थी पदवी, नोकरी, शहरातले घर मिळवतो तेव्हा अशी शपथ त्याच्याकडून कोणी लेखी घेत नाही; ती नकळत घेतली जाते. गावी जाणे कमी होते, आडनाव सांगताना आवाज खाली येतो. पालकांनी मुलांना कंपास आणि पट्टी जरूर द्यावी, वर्तुळात बहुभुज काढून त्याचे कोन मोजायला सांगावे. मोजण्याची सवय कागदावर लागली की पुढे ती माणसांच्या दाव्यांनाही लागू पडते. आणि आमच्या माजी विद्यार्थ्यांनी आपल्या वस्तीतील पुढच्या मुलाचा हात धरावा. सपाट देशाच्या कायद्याने ज्याला बंदी होती, ते आपल्याला आज करता येते.