ग्रंथालयाची तालिका : कार्डापासून संगणकापर्यंत

देवगाव फाट्यावर उतरलेल्या नवख्या प्रवाशास गावाची वाट दाखविणारी पाटी लागते. पाटी चुकली, तर रस्ता पक्का असूनही तो भलत्याच गावी जाईल. ग्रंथालयात पाटीचे हे काम तालिका करते. पुस्तक कपाटात असूनही ते कोठे आहे हे कळत नसेल, तर वाचकाच्या दृष्टीने ते नसल्यासारखेच होय.

पूर्वी तालिका वहीत लिहीत. नवी पुस्तके आली की नोंदींचा क्रम मोडे; यास्तव सुटी कार्डे प्रचारात आली. एकाच पुस्तकाची ग्रंथकार, ग्रंथनाम व विषय अशी निरनिराळी कार्डे करून ती अकारविल्हे खणांत लावीत. वाचकाचा वेळ वाचला पाहिजे, हे तत्त्व डॉ. रंगनाथन यांनी १९३१ साली मांडलेल्या पाच सूत्रांपैकी एक आहे. मराठीत शंकर गणेश दाते यांनी १८०० ते १९३७ या काळातील मुद्रित ग्रंथांची सूची मोठ्या परिश्रमाने सिद्ध केली.

१९६० नंतरच्या दशकात अमेरिकेतील लायब्ररी ऑफ काँग्रेसने संगणकास वाचता येईल अशी नोंदपद्धती तयार केली. तीत ग्रंथकार, ग्रंथनाम, प्रकाशक इत्यादींसाठी स्वतंत्र क्रमांकांचे रकाने असतात. त्यामुळे नोंद एकदाच करावी लागते आणि शोध मात्र कोणत्याही रकान्यावरून घेता येतो. पुढे कोहा ही विनामूल्य प्रणाली न्यूझीलंडमध्ये २००० साली वापरात आली. भारतात राष्ट्रीय सूचना विज्ञान केंद्राने ई-ग्रंथालय ही प्रणाली सिद्ध केली. ग्रंथालयांना छापील कार्डे पुरविणाऱ्या ओसीएलसी या अमेरिकन संस्थेने २०१५ साली ती छपाई थांबविली.

तथापि यंत्र आले म्हणून माणसाची दक्षता संपली नाही. संगणक मुख्यतः अक्षरे जुळवून पाहतो. १९६२ च्या लेखननियमांपूर्वी 'कवि', 'हरि' असे ऱ्हस्वान्त लेखन रूढ होते. पुढे 'कवी', 'हरी' झाले. जुन्या पुस्तकाची नोंद 'हरि नारायण आपटे' अशी आणि शोध 'हरी' असा झाला, तर पुस्तक असूनही उत्तर 'नाही' असे येऊ शकते. टोपणनावांचेही तसेच. 'कुसुमाग्रज' शोधणाऱ्यास वि. वा. शिरवाडकरांची नाटके सापडतीलच असे नाही. यावर उपाय जुनाच आहे : नावाचे एक रूप निश्चित करावे व इतर रूपांपुढे 'पाहा' अशी सूचना द्यावी.

वर्गातील उपक्रम : चौथीच्या मुलांकडून शाळेतील वीस पुस्तकांची कार्डे करवून घ्यावीत. प्रत्येक कार्डावर ग्रंथकार, ग्रंथनाम, विषय, प्रकाशनवर्ष व दाखल क्रमांक असावा. कार्डे अकारविल्हे लावून एका मुलाने पुस्तक मागावे, दुसऱ्याने ते शोधून द्यावे. जेथे शोध अडेल, तेथे नोंदीत काय चुकले याची चर्चा करावी. शाळेत संगणक असल्यास त्याच नोंदी त्यावर उतरवाव्यात.

पुस्तक मागणाऱ्या मुलास एकदा 'नाही' असे उत्तर मिळाले, की ते पुन्हा सहसा विचारीत नाही. नोंद शुद्ध ठेवण्याचे महत्त्व एवढ्यावरूनच ध्यानी यावे.