नर्मदाकाठी शिकले ते

अक्राणी-अक्कलकुव्याच्या डोंगरांत, नर्मदेकाठच्या पाड्यांवर मी नर्मदा बचाव आंदोलनाची कार्यकर्ती म्हणून राहिले. नदीसाठी लढायला निघालेल्या तरुणांना तिथे शिकले त्यातलं थोडं सांगते.

१. घोषणेआधी नोंदवही. सरदार सरोवर धरणाच्या बुडितात महाराष्ट्रातली ३३ गावं आली. इथले भिल्ल-पावरा पिढ्यान्‌पिढ्या जी जंगलशेतं कसत होते, त्यातली कितीतरी सरकारदरबारी ‘अतिक्रमण’ होती. सातबारा नाही, म्हणजे हक्क नाही. म्हणून आम्ही घरोघर बसून लिहून घेतलं. शेत कुठल्या नाल्यापर्यंत, मोहाची झाडं किती, मासे कुठल्या डोहात, गुरं कुठे चरतात, पूर ओसरल्यावर गाळावर काय पिकतं. रात्री चिमणीच्या उजेडात हे सगळं गावासमोर वाचायचं. सभेत कधी तोंड न उघडणाऱ्या म्हाताऱ्या तिथे चुका दुरुस्त करायच्या. नदी काय काय देते याचा हिशेब त्यांच्याइतका कुणालाच ठाऊक नव्हता. गाव आंदोलनात खऱ्या अर्थाने उतरलं ते या बैठकांतून.

२. निवाडा स्वतः वाचा. नर्मदा जलविवाद लवादाने १९७९च्या निवाड्यात जमिनीच्या बदल्यात जमीन, किमान २ हेक्टर ओलिताची, असं बांधून दिलं होतं. सज्ञान मुलगा वेगळं कुटुंब धरला होता. मुलीला मात्र तो मान नव्हता, आणि हा अन्याय मला आजही डाचतो. कलमं तोंडपाठ झाल्यावर लोक साहेबाच्या टेबलासमोर ताठ उभे राहू लागले.

३. पैसा कुठून येतो ते शोधा. धरणाला कर्ज देणाऱ्या जागतिक बँकेनेच नेमलेल्या मोर्स समितीच्या १९९२च्या अहवालाने पुनर्वसन आणि पर्यावरण, दोन्हींतल्या उणिवा उघड केल्या. १९९३मध्ये बँकेचं उरलेलं कर्ज रद्द झालं. धरणाचं काम मात्र थांबलं नाही. त्याच वर्षीच्या पावसाळ्यात बुडितातल्या मणिबेली गावात पाणी शिरलं.

४. लढा लांबतो, तोवर मुलं मोठी होतात. चिमलखेडी, निमगव्हाणच्या जीवनशाळा आंदोलनाने उभ्या केल्या, कारण सरकारी शाळा बहुतेक कागदावरच होत्या.

५. २०००मध्ये सर्वोच्च न्यायालयाने धरणाला वाट मोकळी करून दिली आणि २०१७मध्ये दरवाजे बंद झाले. वाहती नर्मदा आम्ही वाचवू शकलो नाही. पण जमिनीच्या बदल्यात ज्यांना जमीन मिळाली, ती भांडूनच मिळाली, आणि भांडताना हातात त्या वह्या होत्या.

तुमच्या नदीवरचं धरण अजून आराखड्यातच असेल, तर अशी नोंदवही याच उन्हाळ्यात सुरू करा. भूसंपादनाची नोटीस आल्यावर फार उशीर झालेला असतो.