पाण्याच्या कडेचा दगड

बाळा, सुट्टीला येतोयस, तर हे आधी ऐकून ठेव.

माझं माहेर वेल्ह्याकडचं, कानंद खोऱ्यातलं. तोरण्याच्या कुशीतून कानंदी वाहते. पावसाळ्यात धुण्याला गेलं की आई आधी पाण्याच्या कडेला एक दगड ठेवायची, मगच पिळे सोडायची. दगड बुडाला की धुणं अर्धं टाकून काठावर चढायचं. आपल्या डोक्यावर ऊन असलं तरी वर घाटमाथ्याला पाऊस कोसळत असतो. आधी काटक्या-पाचोळा येतो, पाणी तांबूस होतं, मग पळायला उसंत मिळत नाही.

उथळ पाण्याला खळखळाट फार, ही म्हण लोक माणसांना लावतात. आम्हाला ती उतार शोधायला शिकवली. पाणी वाजतं तिथं पाय टाकायचा. गप्प, काळाशार दिसतो तो डोह. काठी वरच्या अंगाला रोवायची, एक पाय बसल्याशिवाय दुसरा उचलायचा नाही. नजर पलीकडच्या झाडावर ठेवायची, वाहत्या पाण्याकडं बघितलं की भोवळ येते. ओढ गुडघ्याच्या वर लागली, तर माघारी फिरायचं.

मृगात मासे चढणीला लागतात, ओढ्यानं थेट खाचरात शिरतात. पोटात गाभोळी असते. एका कालवणापुरते घे, बाकीचे जाऊ दे.

सासरी वेळवंड खोऱ्यात आले आणि यातलं निम्मं शहाणपण कामाचं राहिलं नाही. भाटघरचं धरण १९२८ साली पुरं झालं. काठावरून दिसतं ते पाणी म्हणजे बुडालेलं शिवार आहे. ते वाजत नाही, म्हणून काही सांगतही नाही. खाली भाताची खाचरं आहेत, बांध आहेत. कमरेएवढ्या पाण्यात उभा असशील, दोन पावलं पुढं टाकलीस की बांध संपतो आणि पायाखाली काहीच नसतं. त्यात गाळ पाय धरून ठेवतो. उन्हाळ्यात पाणी हटलं की ते बांध उघडे पडतात. तेव्हा मी तुला एकेक जागा दाखवीन.

पोहणं विहिरीत शिक, पाठीला पांगाऱ्याचं वाळलं लाकूड बांधून, काका काठावर असताना. कुणी गटांगळ्या खाताना दिसलं तर उडी घेऊ नकोस. ओरड, आणि हाताशी येईल ते दावं, लुगडं, काठी त्याच्याकडं टाक.

धरणाखाली नीरेच्या पात्रात असताना पाणी सोडायचा भोंगा ऐकू आला, तर आभाळाकडं बघत बसू नकोस, काठावर चढ. चप्पल राहिली तर राहू दे. भोरच्या बाजारात दुसरी घेऊ.