आयरिश तलवार निजामाच्या मुलुखात

प्रश्न : आयर्लंडचा लष्करी इतिहास आणि तिथली तलवारबाजी यांवर अलीकडे थोडं वाचलं. आमचं बेल्लमपल्ली कोळशाच्या खाणींचं गाव, पूर्वी निजामाच्या राज्यातलं. आयरिश तलवारबहाद्दर कधी आपल्या भागात, निजामाकडे किंवा मराठ्यांकडे आले होते का? त्यांच्या तलवारबाजीत खास असं काय होतं?
— एक वाचक, बेल्लमपल्ली, जि. मंचिर्याल

उत्तर : आले होते. त्यांतला सर्वांत गाजलेला माणूस काही काळ निजामाच्या फौजेत साधा शिपाई होता आणि पुढे एका मराठा सरदाराच्या चाकरीतून वर येऊन स्वतःचं राज्य करून बसला. मात्र आयरिश माणसाला तलवार घेऊन इतक्या दूर का यावं लागलं, ते आधी सांगतो. आपल्या दुसऱ्या प्रश्नाचं अर्धं उत्तर त्यातच आहे.

आयर्लंडमध्ये तलवार फार जुनी. वेस्टमीथ परगण्यात बॅलिंडेरी इथे 1928 साली सापडलेली व्हायकिंग काळातली सुंदर तलवार आज डब्लिनच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. सोळाव्या शतकातल्या आयरिश तलवारीची ओळख तिच्या मुठीवरून पटते. मुठीच्या टोकाला पोकळ कडं असे आणि पात्याची शेपटी त्या कड्यातून आरपार दिसे. जर्मन चित्रकार ड्यूररने 1521 साली आयरिश योद्ध्यांचं चित्र काढलं, त्यात अशा दांडग्या तलवारी दिसतात. पाती बऱ्याचदा जर्मनीतून येत आणि मूठ मात्र तिथल्या पद्धतीने चढवली जाई. मराठी वाचकाला यात नवल वाटू नये. आपल्याकडेही युरोपातून आलेल्या लांब, सरळ पात्यांना देशी मूठ चढवून फिरंग तयार होई.

घाव बसला तो 1691 साली. इंग्रजांशी झालेल्या लिमरिकच्या तहानंतर आयरिश सेनानी पॅट्रिक सार्सफील्डच्या मागोमाग हजारो आयरिश सैनिक देश सोडून फ्रान्सला गेले. मागे राहिलेल्या कॅथलिकांना 1695च्या कायद्याने शस्त्र बाळगायची बंदी झाली. पाच पौंडांहून जास्त किमतीचा घोडासुद्धा त्यांना ठेवता येईना. ज्याच्या घरात तलवार ठेवणं गुन्हा ठरलं, त्याने ती परक्याच्या फौजेत चालवली. फ्रान्स आणि स्पेनमध्ये आयरिश पलटणी उभ्या राहिल्या, ऑस्ट्रियाच्या फौजेतही आयरिश माणसं शिरली. आयरिश शौर्याच्या कथा आपण वाचतो, त्यातल्या पुष्कळशा दुसऱ्याच्या पगारावर, दुसऱ्याच्या भांडणात घडल्या आहेत. मला हा इतिहास वाचताना अभिमानापेक्षा हळहळ जास्त वाटते.

दख्खनला याची झळ लवकरच लागली. 1751 पासून बुसी हा फ्रेंच सरदार निजामाच्या दरबारात पाय रोवून होता. 1758 साली त्याला तिथून परत बोलावून घेणारा फ्रेंच सेनापती लाली हा देशोधडीला लागलेल्या आयरिश बापाचा मुलगा. 1760 च्या जानेवारीत वांदिवाशला लालीचा पराभव करणारा इंग्रजांचा सेनापती आयर कूट हाही लिमरिक परगण्यातला. दोन आयरिश रक्ताची माणसं तमिळ मुलुखात फ्रान्स आणि इंग्लंडसाठी लढली. आणखी त्रेचाळीस वर्षांनी, 23 सप्टेंबर 1803 ला, भोकरदनजवळ असईच्या रणात शिंदे-भोसल्यांच्या फौजेला हरवणारा आर्थर वेलस्ली डब्लिनमध्ये जन्मलेला होता.

आता ज्याचा उल्लेख सुरुवातीला केला त्या माणसाकडे येऊ. जॉर्ज थॉमस टिपरेरी परगण्यातल्या रॉसक्रीचा. गरीब घरचा, यॉल बंदरात हमाली केलेला. 1780 नंतर लवकरच तो मद्रासला आला तो खलाशी म्हणून. जहाज सोडून पळाला, कर्नाटकातल्या पाळेगारांकडे राहिला, मग निजामाच्या चाकरीत शिरला. तिथे रमला नाही. 1787 च्या सुमारास देश ओलांडून तो दिल्लीकडे गेला आणि सरधन्याची जहागीर सांभाळणाऱ्या बेगम समरूच्या फौजेत चढत गेला. तिथून बाहेर पडल्यावर त्याला आसरा मिळाला तो आप्पा खंडेरावांकडे. हे शिंद्यांचे सरदार, मेवात प्रांत त्यांच्याकडे. पगार थकल्यामुळे शिपायांनी बंड करून आप्पांना कोंडीत धरलं, तेव्हा थॉमसने त्यांना सोडवलं आणि आप्पांनी त्याला मुलगा मानलं. टिपरेरीचा हमाल एका मराठा सरदाराचा मानसपुत्र झाला, ही गोष्ट आपल्या शाळेतल्या इतिहासात कुठेही येत नाही याचं मला वाईट वाटतं.

आप्पांनी 1797 मध्ये यमुनेत देह सोडला. पुढच्या वर्षी थॉमसने हरियाणातलं ओसाड पडलेलं हांसी घेतलं, तट दुरुस्त केला, वस्ती वसवली, तोफा ओतल्या, स्वतःचे रुपये पाडले. लढाईत पडलेल्या शिपायांच्या विधवांना त्याने वेतन लावलं. त्या काळच्या किती सरदारांना हे सुचलं होतं? लोक त्याला जहाजी साहेब म्हणत. हिसारची जहाज कोठी आजही त्याचं नाव राखून आहे. शेवटी शिंद्यांचा फ्रेंच सेनापती पेराँ याच्या फौजेने 1801 मध्ये त्याला मोडलं. इंग्रजी मुलुखात परतताना 22 ऑगस्ट 1802 ला तो बंगालमध्ये बहरामपूरला वारला. आयुष्याची हकिगत सांगायची वेळ आली तेव्हा त्याने ती फारसीतून सांगायची तयारी दाखवली होती, इतकी त्याची इंग्रजीची सवय सुटली होती.

त्याच्या तलवारीची गोष्ट पेराँच्या फौजेतला अधिकारी जेम्स स्किनर याच्या आठवणींमुळे टिकली. हांसी सोडून दिल्यावर विजेत्या अधिकाऱ्यांनी त्याला जेवायला बोलावलं. पेराँच्या यशासाठी पेले उचलायची वेळ आली. बहुतेकांनी थॉमसकडे पाहून पेले पालथे घातले आणि तो रडला. मग तलवार उपसून त्याने सुनावलं की एक आयरिश तलवार अजून शंभर फ्रेंचांना पुरेल. ही ओळ सगळीकडे सांगितली जाते. त्याच रात्री वाटेत पहारेकऱ्याने हटकलं म्हणून थॉमसने एका घावात त्याचा हात तोडला, ती ओळ मात्र बहुतेक जण गाळतात. दुसऱ्या दिवशी त्याला पश्चात्ताप झाला, त्याने त्या शिपायाला पैसे दिले. तो पहारेकरी आपलं काम चोख करत होता. त्याचा हात गेला, याला मी तलवारबाजी म्हणणार नाही. त्याचं नाव कुणी लिहून ठेवलं असतं तर मी इथे आधी तेच सांगितलं असतं.

खास आयरिश असे डावपेच होते का, असं आपण विचारता. डब्लिनमध्ये तलवारीचे उस्ताद होते. अँड्र्यू महोन नावाच्या उस्तादाने 1730च्या दशकात एका फ्रेंच गुरूचा ग्रंथ इंग्रजीत आणला. पण ती विद्या बारीक, टोचणाऱ्या तलवारीची आणि खानदानी तरुणांची. बंदरावर ओझी वाहणाऱ्याला त्या आखाड्यात कोण घेणार? पलटणीतला आयरिश शिपाई फ्रान्समध्ये फ्रेंच कवायत शिके, ईस्ट इंडिया कंपनीत इंग्रजी. त्याच्या हाताला वळण लागे ते ज्याचं मीठ खाल्लं त्याच्या पद्धतीचं.

निजामाच्या मुलुखाबद्दल एक गोष्ट मात्र अशी आहे की ती आपल्या आजूबाजूच्या सगळ्यांना ठाऊक व्हावी. आयरिश वंशाचा लुई नोलन हा इंग्रज फौजेतला घोडदळाचा कप्तान. 1854 साली क्रिमियाच्या युद्धात बालाक्लाव्हाच्या त्या प्रसिद्ध हल्ल्यात पहिल्या काही क्षणांत पडला तोच. हिंदुस्थानात नोकरी केलेली. बालाक्लाव्हाच्या वर्षभर आधी त्याने घोडदळावर ग्रंथ लिहिला. निजामाच्या स्वारांनी रोहिल्यांच्या मोठ्या जमावाला मोडल्याचा अहवाल त्याच्या वाचनात आला होता. जखमांच्या रकान्यात डॉक्टरने मुंडकं, हात एका घावात तुटल्याच्या नोंदी ओळीने केल्या होत्या. कसली पाती वापरतात हे लोक, म्हणून नोलन बघायला गेला आणि चकित झाला. ती बहुतेक इंग्रज रिसाल्याने टाकून दिलेली जुनी पाती होती! निजामाच्या स्वारांनी त्यांना आपली चपटी, लहान मूठ बसवली होती, त्यामुळे मुठीत पातं फिरत नसे आणि घाव धारेवरच पडे. धार मुठीपासून टोकापर्यंत वस्तऱ्यासारखी. म्यान लाकडी, आणि लढाईखेरीज तलवार त्यातून निघायची नाही. इंग्रज स्वार तेच पातं लोखंडी म्यानात ठेवत, रोजच्या कवायतीत उपसत आणि खुपसत, की धार बोथट. हात तुटेल असा घाव शिकवता कसा, असं नोलनने एका म्हाताऱ्या स्वाराला विचारलं. जोरात मारायचं, बाकी काही शिकवत नाही, धारेची तलवार कुणाच्याही हातात कापते, असं तो म्हणाला. माझ्या मते आपल्या प्रश्नाचं याहून नेमकं उत्तर कुठल्याच आयरिश उस्तादाकडे नव्हतं, आणि ते नोलनने प्रामाणिकपणे आपल्या ग्रंथात लिहिलं.

इंग्रजांनी टाकलेली पाती निजामाचे स्वार वापरत होते, तेव्हा आपल्या जुन्या आदिलाबाद जिल्ह्यात आणि शेजारच्या निजामाबादेत उत्तम पोलाद तयार होत होतं. निर्मळच्या परिसरातलं लोखंड आणि गोदावरीच्या दक्षिणेकडच्या कोनसमुद्रमचं मुशीतलं पोलाद इराणपर्यंत जाई. 1820च्या सुमारास डॉ. हेन्री व्हॉयसी कोनसमुद्रमला गेला तेव्हा त्याला इस्फहानचा व्यापारी पोलाद तोलून घेताना भेटला. बंद मुशीत लोखंड तास न् तास तापवून सावकाश थंड केलं की पोलादात पाण्यासारख्या लहरी उमटत, आणि याच पोलादाच्या पात्यांना इराणात सोन्याचा भाव येई. कोनसमुद्रमच्या शिवारात फुटक्या मुशींचे तुकडे आणि लोखंडाची मळी आजही सापडते. बेल्लमपल्लीहून मंचिर्याल, मग गोदावरीच्या बाजूने पश्चिमेला, असा एका दिवसाचा प्रवास आहे. शाळेतली मुलं बरोबर घेऊन जावं, आणि सापडलेले तुकडे जागच्या जागी राहू द्यावेत.