मांजराचे केस का गळतात?

कोठारातील उंदरांचा बंदोबस्त करणाऱ्या मांजराचे केस झडू लागले म्हणजे घरात असलेले गोचिडांचे औषध त्यास चोपडण्याचा मोह होतो. तो आवरावा. जनावरांवर फवारण्यात येणारी परमेथ्रिन, सायपरमेथ्रिन यांसारखी औषधे, तसेच फिनेल, मांजराचे यकृत नीट निर्विष करू शकत नाही; शिवाय मांजर अंग चाटते. त्यास कंप सुटतो, झटके येतात व प्रसंगी ते दगावते.

प्रथम कारण पाहावे. शेपटीच्या मुळाशी केस विरळ झाले असल्यास पिसवांचा संशय घ्यावा. केसांतील काळे कण ओल्या पांढऱ्या फडक्यावर टिपावेत. तांबूस डाग उमटल्यास ती पिसवांची विष्ठा समजावी. कानांच्या कडांपासून डोक्याकडे जाड खपल्या पसरत असतील तर ती बहुधा खरूज होय.

तोंडावर किंवा पायांवर कोंडा सुटलेले गोल चट्टे मात्र गजकर्णाचे असू शकतात. हा रोग बुरशीमुळे होतो व माणसांना, विशेषतः मुलांना, लागतो. मांजरास दवाखान्यात नेणे पुष्कळांना हास्यास्पद वाटते. पण मुलांच्या अंगावर तसेच चट्टे उठल्यावर कोणी हसत नाही. बुरशीचे बीजाणू गळलेल्या केसांत वर्षभरही टिकतात. म्हणून ते केस गोळा करून जाळावेत, मांजराचे अंथरूण बदलावे आणि झाकणाच्या टोपलीतून मांजर पशुवैद्यकाकडे न्यावे.