नाशिकचं वेळापत्रक खानदेशाच्या बागेला लावू नका

खानदेशात द्राक्ष येतं. मात्र द्राक्ष लावायचं ठरलं की आपण नाशिककडे बघतो आणि तिथल्या छाटणीच्या तारखा जशाच्या तशा आपल्या शिवारात आणतो. गिरणाकाठच्या आमच्या बागेत हेच झालं. त्या नुकसानीतून जे कळलं, ते जळगाव-धुळ्यात नव्याने बाग लावणाऱ्या भावांनी आधीच जाणून घ्यावं, म्हणून हे लिहितो.

द्राक्षवेल मूळची थंड हिवाळ्याच्या मुलखातली. फ्रान्स-इटलीत हिवाळ्यात पानं झडतात, वेल विश्रांती घेते आणि वर्षात एकच मुख्य छाटणी होते. चीनच्या उत्तर भागात तर गोठू नयेत म्हणून वेली मातीखाली पुरतात. आपल्याकडे वेल झोपतच नाही. म्हणून महाराष्ट्रात दोन छाटण्या आणि एक पीक, अशी पद्धत बसली: उन्हाळ्यात खरड छाटणी आणि पावसाळा सरताना फळछाटणी. पहिल्या छाटणीनंतर आपल्याकडचं ऊन बागेची परीक्षा घेतं, दुसरीनंतर आपल्याकडची थंडी.

नाशिकच्या बाजूच्या एका सल्लागाराच्या सांगण्यावरून आमची खरड छाटणी एप्रिलअखेर झाली. पानांचा मांडव उतरला आणि उघडे ओलांडे, म्हणजे वेलीचे आडवे हात, थेट मे महिन्याच्या तावडीत सापडले. जळगाव-भुसावळला तेव्हा पारा 44-45 अंशांवर असतो. ओलांड्यांची साल भाजली, डोळे मागे-पुढे फुटले. उशिरा आलेल्या काड्यांवर जूनचं ढगाळ आभाळ आलं. खरा फटका ऑक्टोबरात दिसला: फुटी भरपूर, घड मोजके, आणि त्यातलेही बरेच बाळीत गेलेले, म्हणजे घडाऐवजी तणाव झालेले.

यामागचं कारण नीट समजून घ्या. खरड छाटणीनंतर साधारण 40 ते 70 दिवसांच्या काळात काडीच्या डोळ्यात सूक्ष्म घडनिर्मिती होते. त्या वेळी काडीला स्वच्छ सूर्यप्रकाश लागतो, पाणी आणि नत्र बेतानं लागतं. म्हणजे फेब्रुवारीत किती घड हाती येणार, हे आदल्या मे-जूनमध्येच बरंचसं ठरून जातं. तिथे चुकलं, तर पुढच्या कोणत्याही फवारणीने घड येत नाहीत.

म्हणून आपल्या भागात खरड छाटणी मार्चअखेर ते एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात उरकावी. मेच्या तडाख्याआधी ओलांड्यावर पानांची सावली यायला हवी. फूट निघेपर्यंत ओलांड्यांवर सकाळ-संध्याकाळ पाणी फवारा, वर शेडनेट किंवा ओली पोती टाका, बुंध्याशी उसाच्या पाचटाचं आच्छादन करा. पश्चिमेच्या झळा अडवायला केळीच्या मळ्याभोवती लावतो तशी शेवरी किंवा गजराज गवत लावा.

खरड छाटणीची ही तारीख साधायची तर माल फेब्रुवारीअखेर निघायला हवा, कारण काढणीनंतर वेलीला तीन-चार आठवडे विसावा लागतो. तिथून मागे मोजत आलात की फळछाटणी सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरच्या पहिल्या पंधरवड्यात येते. त्याहून आधी केली, तर परतीच्या पावसात डाउनी (केवडा) आणि घडकूज गाठते. नोव्हेंबरपर्यंत लांबवली, तर फूट आणि फुलोरा थंडीत सापडतो. धुळे, साक्री, शिरपूरकडे डिसेंबर-जानेवारीच्या रात्री पारा 10 अंशांखाली जातो. मण्याची फुगवण थांबते, माल लांबतो आणि पुढचं सगळं गणित कोसळतं.

मण्यात पाणी उतरताना कडक थंडी आली, तर हिरव्या वाणांत गुलाबी मणी होतात, मणी तडकतात. पाणी उतरण्याआधीच घडांना कागद बांधा. थंडीच्या लाटेत पहाटे ठिबक चालू ठेवा, बागेत शेकोट्या करून धूर करा. फळछाटणीनंतर फूट एकसारखी यावी म्हणून लावायची हायड्रोजन सायनामाइडची पेस्ट विषारी असते. हातमोजे आणि मास्क घालूनच ती लावा, आणि लावणाऱ्या मजुरांना त्या दिवसांत दारूला शिवूही देऊ नका.

जळगावच्या केळीवाल्यांना आणखी एक सांगणं आहे. केळीला सतत ओल लागते. द्राक्षाला मात्र कधी पाणी द्यायचं आणि कधी तोडायचं, हे अवस्थेनुसार ठरतं. तापीकाठच्या खोल काळ्या जमिनीत पाणी साचलं की मुळी गुदमरते. आधी चर काढा, मग खांब रोवा. माती आणि बोअरचं पाणी तपासून घ्या. चुनखडीच्या जमिनीत लोहाअभावी पानं पिवळी पडतात, खारट पाण्यात वेल खुरटते. अशा ठिकाणी स्वतःच्या मुळावरची वेल न लावता डॉगरिजसारखा खुंट वापरा. खुंट फेब्रुवारी-मार्चमध्ये लावावा, ऑगस्ट-सप्टेंबरात त्यावर पाचर कलम करावं आणि थंडी ओसरल्यावरच रिकट (कलमाच्या फुटीची फेरछाटणी) घ्यावा.

बाग लावण्याआधी एक पूर्ण वर्ष शेतात कमाल-किमान तापमापक टांगून रोज नोंद ठेवा. तालुक्याच्या ठिकाणचा आकडा आणि तुमच्या नदीकाठच्या खोलगट शेतातला पहाटेचा आकडा यांत फरक पडतो. ती वही घेऊन पुण्याजवळच्या मांजरी येथील राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्रात जा. 1997 पासून ते केंद्र याच पिकावर काम करतंय. छाटणीची तारीख त्या नोंदी समोर ठेवून ठरवा. पीकविमा टाळू नका. 2014 च्या फेब्रुवारी-मार्चमधल्या गारपिटीने राज्यातल्या तयार बागा झोडपल्या होत्या.

आणि सुरुवात अर्ध्या एकरावर करा. मांडव, तारा, ठिबक, खुंट, कलम यांचा खर्च पहिला घड दिसण्याआधीच होऊन जातो. त्या तुकड्याने एक उन्हाळा आणि एक हिवाळा नीट काढला, घडांची संख्या जमली, तरच पुढच्या एकरासाठी कर्ज काढा.